गिरिजाबाईंच्या गाण्यात माझा आवाज

भर मे महिन्यात, दुपारच्या वेळी, पत्र्याच्या खोलीत, डोक्यावरून जाडजूड वाकळ पांघरून गाणं म्हणणारी बाई तुम्ही कधी पाहिली आहे का? मी पाहिली आहे. ती माझीच भाडेकरू आहे.

परंड्यात माझं भांड्यांचं दुकान आहे आणि दुकानाच्या डोक्यावर ती खोली. एकदा टाकीचं पाणी बघायला वर गेलो तर दार उघडं होतं. आत माणूस नव्हता. फरशीवर जुन्या लुगड्यांच्या वाकळेचा एक ढीग होता आणि ढीग गात होता. मी ओरडलो. ढीगही ओरडला. मग त्यातून घामानं निथळणाऱ्या गिरिजाबाई बाहेर आल्या, हातात फोन, आणि मलाच म्हणाल्या, "अण्णा, टेक खराब केला तुमी. पुन्हा एकदा, टेक खराब केला तुमी."

वाकळेत बाहेरचा आवाज येत नाही म्हणून त्या तिच्यात बसून रेकॉर्डिंग करतात, हे मला नंतर कळलं. तोपर्यंत आठवडाभर मी वर एकटा गेलो नाही.

त्यांच्याबद्दल माझी तक्रार आहे. ती आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं मी त्यांचं कौतुक करतोय असा कुणाचा गैरसमज नको. या बाईंनी गाण्यांचा अल्बम काढला. स्वतः लिहिला, स्वतः चाली लावल्या, स्वतः गायला. पोरं मोबाईलवर ऐकतात तसल्या धाटणीचा, पण सगळी गाणी समाजाच्या डोळ्यांत अंजन घालणारी. घालू द्या, माझं काही म्हणणं नाही. पण त्यातल्या एका गाण्यात माझा आवाज आहे. मला न विचारता घेतलेला. तो आवाज त्यातून बाहेर काढणं, एवढीच माझी मागणी होती. मी आयुष्यात मागितलेली प्रत्येक गोष्ट घासाघीस करून मिळवली आहे. ही एक सोडून.

गिरिजाबाईंचा धंदा आवाजाचा. परंड्यात रिक्षावर भोंगा लावून जे जे काही सांगितलं जातं, ते त्या सांगतात. घंटागाडी आली, ओला कचरा वेगळा ठेवा. पोलिओचा डोस आहे. साड्यांचा सेल आहे. अमक्याची करडी शेळी हरवली आहे. तमक्यांचे दुःखद निधन झाले आहे. आवाज आख्ख्या गावाला पाठ, चेहरा कुणालाच माहीत नाही. भाजीवालीला त्यांनी "मेथी कशी दिली?" विचारलं, की ती बिचारी आधी कचऱ्याचा डबा शोधते.

या धंद्यामुळं एक खोड लागली आहे. भोंग्यावर प्रत्येक गोष्ट दोनदा सांगतात, तशा त्या घरीही दोनदा सांगतात. "अण्णा, नळाला पानी न्हाय. पुन्हा एकदा, नळाला पानी न्हाय." मी म्हणायचो, "बाई, मी बहिरा न्हाय." त्यावर त्या म्हणायच्या, "तुमी न्हाय, पर गाव हाय."

बाई मूळच्या उमरग्याकडच्या, कर्नाटकाच्या हद्दीवरच्या. राग आला की मराठी संपते आणि "साकु!" येतं. साकु म्हणजे पुरे. नवऱ्याचं विचारलं, साकु. माहेरचं विचारलं, साकु. वय विचारण्याची माझी हिंमत झाली नाही, पण चाळिशी कधीच मागं पडली असणार. त्या वयात बायका नातवंडांची बारशी करतात, यांनी पहिला अल्बम केला.

आता माझं सांगतो. मी दुकान वडिलांकडून घेतलेलं नाही. सायकलच्या मागं भांड्यांचा हारा बांधून ईट, भूम, वाशी अशी गावं पालथी घातली. जुन्या कपड्यांवर भांडी दिली. विटलेलं पातळ हातात घेऊन, उजेडात धरून, त्याची भोकं बाईलाच मोजायला लावायची आणि मग तिच्याच तोंडून लहान पातेलं मागवून घ्यायचं, ही माझी शाळा. माझा राग लवकर चढतो, पण सौद्यात मी रागसुद्धा हिशेबानं चढवतो.

अशा माणसाच्या दुकानात गिरिजाबाई पहिल्यांदा आल्या आणि पितळेच्या घागरी एकेक करून बोटानं वाजवू लागल्या. प्रत्येकीला कान लावायचा, मान हलवायची, पुढची घ्यायची. शेवटी कोपऱ्यात पडलेली, मोडीत आलेली, पोचा पडलेली एक घागर उचलली. म्हणाल्या, "ही द्या. हिचा आवाज लई गोड हाय."

मी म्हणालो, "बाई, ती गळती हाय."

"मला पानी कुठं भरायचंय?"

मी तोंडाला येईल तो भाव सांगितला. त्यांनी तो दिला. "काही कमी?" नाही, "लई होतंय" नाही, दाराबाहेर जाऊन परत येणं नाही. मला धक्काच बसला. गिऱ्हाइकानं भाव केला नाही की मला अन्न गोड लागत नाही. दोन दिवस मी जेवताना बायकोवर चिडत होतो.

त्या घागरीचा त्यांनी तबला केला. बंद पडलेल्या एका बँड पार्टीचा जुना कॅसिओ घेतला. आणि मग छळ सुरू झाला. ऐन गिऱ्हाइकीत जिन्यावरून हाक यायची, "अण्णा, जरा वेळ भांडी वाजवू नका!" भांड्याच्या दुकानात भांडी वाजवू नका! लग्नाच्या भांड्यांचा बस्ता बांधायला आलेली मंडळी कळशी उचललेली तशीच हातात धरून उभी राहायची. मी वर बघून ओरडायचो, "गिरिजाबाई, ही खोली हाय का देऊळ?" वरून उत्तर यायचं, "झालं, झालं. आता वाजवा. पुन्हा एकदा, आता वाजवा." आणि माझी गिऱ्हाइकं हसायची. माझ्या दुकानात, मला!

आता मुख्य गुन्ह्याकडं येतो.

आमच्याकडं लग्नात मुलीला भांडी देतात आणि प्रत्येक भांड्यावर देणाऱ्याचं नाव घालून घेतात. हंड्यावर मामाचं, परातीवर काकाचं, डब्यांवर भाऊबंदांचं. 'यांजकडून सप्रेम भेट.' नाव घालायची मशीन माझ्याकडं आहे आणि मी पैसे अक्षरावर घेतो. सगळेच घेतात. त्या दिवशी एक साधा शेतकरी पोरीला घेऊन आला होता. म्हणाला, कळशीवर हिचंच नाव टाका. मी माणूस बघून बोलतो. गरिबाचे पैसे वाचावेत म्हणून मी त्याला मनापासून सल्ला दिला. म्हणालो, "पोरीचं नाव कशाला टाकताव? सासरी गेल्यावर नाव बदलत्यातच की. अक्षरं वाया जातील."

यात माझं काय चुकलं? मला स्वतःचा तोटा दिसत होता, तरी मी खरं तेच सांगितलं. त्या वेळी गिरिजाबाई जिन्यात फोन धरून बसल्या होत्या. मला वाटलं, भांड्यांचा आवाज टिपतायत.

लगीनसराई तोंडावर आली तेव्हा मी त्यांच्याकडून दुकानाची जाहिरात करून घेतली. त्यांनी ती भोंग्याची रिक्षा चालवणाऱ्या बशीरला पेनड्राइव्हवर भरून दिली. सकाळी मी बसस्टँडसमोर चहा पीत होतो. कुर्डुवाडीची गाडी लागलेली, माणसांची ही गर्दी. बशीरची रिक्षा आली. माझी जाहिरात झाली, दोनदा झाली. मी आजूबाजूला ऐटीत बघितलं. आणि बशीरनं भोंगा बंद केलाच नाही. कॅसिओ वाजायला लागला. मागं घागर. मग गिरिजाबाईंचा आवाज, पण सांगणारा नाही, गाणारा:

हंड्यावर मामा, परातीवर काका,
डब्यावर बसले सरपंच बाका,
मांडणीवर बसला गं सारा गाव,
तुझं कशावर, सांग तुझं नाव?

वाईट नव्हतं. मी मान डोलवत होतो, हे मी नाकारत नाही. तेवढ्यात गाणं थांबलं आणि भोंग्यातून मीच बोललो.

"अक्षरं वाया जातील."

माझ्या हातातला चहा माझ्याच धोतरावर. परत घागर वाजली. परत मी. "अक्षरं वाया जातील." आणि मग तेच तालात, एकामागून एक, जसा काही मी देवळात भजन म्हणतोय. बसमधल्या बाया खिडकीतून बघायला लागल्या. चहावाला म्हणाला, "अण्णा, तुमी गायला बी लागलाव व्हय?"

मी रिक्षामागं धावलो. "बशऱ्या, बंद कर!"

बशीर म्हणाला, "अण्णा, मेरेकू क्या मालूम? बाईने पेनड्राइव्ह दिया, मैंने लगाया. अच्छा है ना लेकिन? तुम्हारा आवाज एकदम फिट बैठा."

त्या दिवसापासून माझं गावात चालणं अवघड झालं. न्हाव्यानं दाढी करताना विचारलं, "मिशी ठेवू का वाया जाईल?" ढोकीहून माझ्या साडूचा फोन आला. तिथं कारखान्यावर उसाच्या ट्रॅक्टरांची रांग लागली होती आणि प्रत्येक ट्रॅक्टरवर, त्या मोठमोठ्या स्पीकरवर, मी. साडू हसू दाबत म्हणाला, "आवाज लई खणखणीत आलाय." घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. वाटलं, ही तरी माझी बाजू घेईल. ती भाकरी थापत म्हणाली, "माझं माहेरचं नाव काय होतं, सांगा बरं." मी सांगितलं. ती म्हणाली, "ते माझ्या बहिणीचं."

आणि सगळ्यात मोठा धक्का दुकानात बसला. ईटची एक पोरगी बापाबरोबर आली. बाप भाव करत होता, मी करत होतो, दोघंही रंगात आलो होतो. पोरगी मधेच म्हणाली, "हंड्यावर माझं नाव टाका. आत्ताचं, सासरचं न्हाय."

मी सवयीनं तोंड उघडलं. पोरगी माझ्याकडं रोखून बघत म्हणाली, "जाऊ द्या की वाया. अक्षरं माझी हायती."

बाप माझ्याकडं बघायला लागला, मी बापाकडं. मी गुपचूप मशीन सुरू केली. त्यानंतर तशा पोरी येतच राहिल्या. नाव घालायचं काम वाढलं, हे खरं आहे. पण ते मी गिरिजाबाईंना सांगितलं नाही. सांगितलं असतं तर माझी तक्रार कमजोर पडली असती.

शेवटी एका सकाळी मी तयारीनं वर गेलो. सौद्याला जाताना मी पायऱ्यांवरच ठरवतो, कुठून सुरू करायचं आणि कुठं थांबायचं.

"गिरिजाबाई, त्या गाण्यातून माझा आवाज काढा."

"न्हाय निघत, अण्णा. पुन्हा एकदा, न्हाय निघत."

"दुसऱ्या कुणाचा घाला. तेच वाक्य बशीरला म्हणायला लावा."

"बशीरच्या तोंडी खरं वाटत न्हाय."

मी आवाज खाली आणला. "भाडं कमी करतो." हे शब्द माझ्या तोंडातून आयुष्यात पहिल्यांदाच निघाले. माझा मलाच धक्का बसला.

"साकु," त्या म्हणाल्या.

मग मी राग चढवला. तो ठरवूनच चढवायचा होता, पण चढताना हातातून सुटला. "मग खोली खाली करा! माझ्या डोक्यावर बसून माझीच फजिती? आजच्या आज खाली करा!"

आता माणूस काय करतो? रडतो, हातापाया पडतो, निदान महिनाभर मुदत मागतो. मुदत मागितली की मी म्हणणार होतो, बरं राहा, पण आवाज काढा. असा तो सौदा होता. गिरिजाबाई म्हणाल्या, "बरं." आणि उठून कॅसिओची वायर गुंडाळायला लागल्या.

मी उभाच. बाई भाव करत नाहीत हे मला माहीत होतं, पण घर सोडतानाही करणार नाहीत, हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. परंड्यात भोंग्याच्या बाईला, एकट्या बाईला, दिवसभर गाणाऱ्या बाईला कोण खोली देणार होतं? ते मला जितकं ठाऊक होतं तितकंच त्यांनाही.

"कुठं जाताव?" मी विचारलं.

"बघू." वायर गुंडाळून झाली. मग म्हणाल्या, "जायच्या आधी एक करा. सगळा अल्बम ऐका. गावानं ते एकच गाणं ऐकलंय. तुमी मालक हाव, तुमच्या छताखाली झालाय."

अल्बमचं नाव होतं, 'सर्व नागरिकांना कळविण्यात येते'. मी खिडकीपाशी बसलो. त्यांनी फोन मधे ठेवला.

पहिलं टँकरचं गाणं होतं. मग कॉलेजच्या पोरींचं, ज्यांच्या थांब्यावर संध्याकाळची बस थांबतच नाही. मग ऊसतोडीचं. तिथं मजुरीला नवरा-बायको मिळून एक कोयता मोजतात. त्या गाण्यात बाई पोराला पाठीशी बांधून विचारते, मी आख्खी असून अर्धा कोयता कशी? मी ईटला, भूमला सायकल मारताना या सगळ्या बाया पाहिल्या होत्या. त्यांच्याशी घासाघीस केली होती. त्या असं काही बोलत असतील असं मला वाटलं नव्हतं. मग माझं गाणं लागलं. मी भिंतीकडं बघितलं.

शेवटी गाणं नव्हतंच. घागर नाही, कॅसिओ नाही. रोजचा भोंग्यावरचा आवाज.

"सर्व नागरिकांना कळविण्यात येते की, परंडा येथील रहिवासी गिरिजाबाई यांचे दुःखद निधन झाले आहे. त्यांच्या पश्चात..."

आणि पुढं काही नाही. पत्र्यावर कबुतरांचे पाय वाजत होते, खाली माझ्या दुकानात कुणीतरी पातेलं ठेवल्याचा आवाज होता. मला वाटलं, फोन अडकला. मी तो उचलून हलवला.

"तेवढंच हाय," त्या म्हणाल्या.

मी ओरडलो, "हे काय अभद्र, बाई? जिवंतपणी?"

"अभद्र काय त्यात? गावात कुणी गेलं की लोक माझ्याकडं येत्यात. मी गेल्यावर कुणाकडं जातील? बशीरनं काय रिकामा भोंगा घेऊन फिरायचं?" हे त्यांनी घंटागाडीच्या वेळा सांगाव्यात तसं सांगितलं. "म्हणून करून ठेवलंय. तुमचंबी हाय करून."

"माझं?"

"वय झालेल्यांचं सगळ्यांचं हाय. ऐनवेळी लाईट नसती, घसा बसलेला असतो. ऐकायचंय?"

मला ऐकायचं नव्हतं. त्यांनी लावलं. मी वारलो होतो. माझ्या पश्चात पत्नी, मुलगे, सुना, जावई, नातवंडं, पतवंडं. "पतवंडं अजून न्हायत," मी म्हणालो. "तुमी लवकर कुठं जाताव," त्या म्हणाल्या. यादी संपता संपेना. मला सुटल्यासारखं वाटलं आणि लगेच त्यांच्याकडं बघवेना.

"मग तुमच्या पश्चातच्या फुडं का थांबलाव?"

"फुडं माणसं लागत्यात."

"मोठा आप्तपरिवार आहे म्हणायचं. सगळेच म्हणत्यात. कोण तपासायला येतंय?"

"न्हाय अण्णा. माझ्या आवाजावर लोक पोरांना पोलिओ पाजायला आणत्यात. मी भोंग्यावर खोटं न्हाय बोलत."

बाहेर बशीरची रिक्षा कुठल्यातरी सेलचं सांगत गेली. आवाज यांचाच. त्या मान किंचित तिरकी करून ऐकत होत्या, कुठं शब्द गिळला गेलाय का ते.

मी म्हणालो, "माझं नाव घाला त्यात."

"आत्ता तर काढा म्हणत होताव."

"त्या गाण्यातून काढा, ह्यात घाला."

"त्यातनं न्हाय निघायचं."

"बरं. त्यातलं राहू द्या." मी एवढ्यावर येईन असं पायऱ्या चढताना ठरवलं नव्हतं. "आणि ती वायर सोडा परत. ह्यात नाव घाला."

त्यांनी गुंडाळलेली वायर सोडली. मग विचारलं, "नातं काय सांगू?"

"अण्णा म्हणताव की मला."

"ते तर मी सगळ्यांनाच म्हणते."

घरमालक म्हणा म्हटलं असतं तर हसल्या असत्या. भाऊ म्हणा म्हटलं असतं, तर ते मी कधी होतो?

"नातं नका सांगू," मी म्हणालो. "नुसतं नाव घ्या. लोक लावतील काय लावायचं ते."

खालून गिऱ्हाईक हाका मारत होतं. बस्त्याचं गिऱ्हाईक, आवाजावरून कळतं. गिरिजाबाईंनी मला हातानं गप्प बसायची खूण केली, फोन तोंडाशी धरला आणि पहिल्यापासून सुरुवात केली. रहिवासी म्हणाल्या, निधन म्हणाल्या. पश्चात म्हणाल्या. मग माझं नाव घेतलं, माझ्या वडिलांचं घेतलं. परंड्यातल्या कुणाच्याही मरणात न हललेला तो आवाज माझ्या आडनावाशी आला आणि हलला.

गिऱ्हाईक बराच वेळ हाका मारून निघून गेलं. मी जाऊ दिलं.